पोस्टकार्डाएवढा रस्ता

आमच्या घरी कंप्युटर आला तेव्हा त्याला देवघरासमोरची जागा मिळाली, कारण विजेचा बरा पॉइंट तिथेच होता. आई देवांना फुलं वाहून झाली की एक फूल मॉनिटरच्या डोक्यावर ठेवायची. मी चिडून ते काढायची. "रावूं दी गो, पोट भरता तें तुजें," ती म्हणायची, आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा फूल हजर.

पोट भरत होतं हे खरं. डिचोलीच्या बाजारातल्या दोन छापखान्यांचं टायपिंग मी घरून करायची. लग्नपत्रिका, सत्यनारायणाची आमंत्रणं, बाराव्याची कार्डं, जत्रेतल्या नाटकांची हँडबिलं, सगळं मराठीत. गोवा घटक राज्य झालं, कोंकणी राजभाषा झाली, भाषेवरून सख्खे शेजारी एकमेकांचं तोंड बघेनासे झाले होते तेही लोक हळूहळू विसरले. पण घरातली लग्नाची बोलणी, रुसवेफुगवे, मानपान सगळं कोंकणीत आणि पत्रिका मात्र मराठीत, ही रीत काही बदलली नाही. माझा धंदा त्या रीतीवरच चालला होता, त्यामुळे माझी तक्रार नव्हती.

बाबा खनिजाचा ट्रक चालवायचे. ट्रक स्वतःचा. पाळी गावाच्या बाजूच्या खाणीतून माल भरायचा आणि नदीकाठच्या धक्क्यावर ओतायचा, दिवसातून जितक्या खेपा होतील तितक्या. बावीस वर्षं तोच रस्ता. पावसाळ्यात खाणीचं काम थांबलं की ट्रक चार महिने मांडवाखाली उभा असायचा आणि बाबा घरात. घरात बसलेला ड्रायव्हर काय असतो हे ज्यांच्या घरी आहे त्यांनाच कळेल. आईनं मीठ किती घातलं इथपासून शेजाऱ्यानं कुंपण कुठे सरकवलं इथपर्यंत सगळ्यात त्यांचं लक्ष. म्हणून त्या जूनमध्ये मी त्यांना गाड्यांच्या शर्यतीचा गेम लावून दिला. त्यात माझाच स्वार्थ होता.

तो स्वार्थ माझ्याच अंगाशी आला. बाबा गेमला चिकटले ते उठेनात. सकाळी पाव-भाजी खाऊन झाली की कदेल, म्हणजे खुर्ची, ओढून बसायचे. आणि गेम असा आडमुठा की उघडला की अख्खा पडदा व्यापून टाकायचा. त्याच्यामागे माझी अर्धवट पत्रिका कुठे दडून बसली हे दिसायचं नाही. गिऱ्हाईक दारात आलं की मी दोन बटणं दाबून गेम खाली घालवायला बघायची. कधी तो जायचा, कधी पडदा काळा पडायचा, कधी सगळे रंग बिघडून नवरीच्या नावावर हिरवी छटा यायची. एकदा तर सगळंच हँग झालं. मशीन बंद करून चालू केलं तर अख्खी पत्रिका गायब. चार मामा, सहा काका, 'आमच्या ताईच्या लग्नाला यायचं हं' सकट. मी मध्ये सेव्ह न करता टाईप केलेलं होतं, चूक माझी, पण तळपायाची आग मस्तकात गेली.

"बाबा, तूं खेळपाक लागलो काय म्हजें काम मरता!" मी ओरडले.

बाबा उठून उभे राहिले. साठीकडे झुकलेला, पावसाळाभर रिकामा बसलेला माणूस, मास्तरांनी रागे भरल्यासारखा. "तुजें काम तें काम. हांव कितें, वेळ मारतां," म्हणाले आणि बाहेर ट्रकच्या टायरांकडे बघत उभे राहिले. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. पण माफी मागायची आमच्या घरात पद्धत नाही. मी त्यांना चहा नेऊन दिला, त्यांनी तो घेतला, संपलं.

दुसरी एक गोष्ट होती, ती आम्ही थट्टेवारी नेत होतो. बाबा गेममध्ये अतिशय वाईट खेळायचे. बावीस वर्षं दहा टनांचा ट्रक अरुंद रस्त्यावरून नेणारा माणूस, आणि पडद्यावरची गाडी शंभर पावलं सरळ जाईना. डावीकडच्या भिंतीवर आदळायची, उजवीकडून येणाऱ्या गाडीला घासायची. बाजूनं दुसरी गाडी पुढे निघून गेली की बाबा दचकायचे, "ही खंयसून आयली?"

"क्लच ना, गियर ना, ही कसली गाडी?" ते म्हणायचे.

आई तांदूळ निवडत म्हणायची, "नाचता येईना अंगण वाकडे." ती पेडण्याकडची. म्हणी मात्र शाळेत शिकल्या तशा शुद्ध मराठीत टाकायची.

आम्ही हसायचो. बाबाही हसायचे, पण थोडं उशिरा. ते आता आठवलं की मला स्वतःचाच राग येतो.

मग एकदा कागद आणायला म्हापशाला गेले असताना, ज्याच्याकडून कंप्युटर घेतला होता त्या दुरुस्तीवाल्याला मी माझं गाऱ्हाणं सांगितलं. त्यानं एका चिठ्ठीवर उपाय लिहून दिला. गेमच्या चिन्हावर उंदराचं उजवं बटण दाबायचं, गेम कुठे ठेवलाय तो पत्ता दिसेल, त्याच्या शेवटी एक जागा सोडून आडवी रेघ आणि एक शब्द टाईप करायचा. बस्स. मग गेम अख्खा पडदा न व्यापता खिडकीत उघडतो. घरी येऊन केलं तर गेम उघडेना, पडद्याचे रंग बदला म्हणून निरोप देई. ते बदलले. तिसऱ्या खेपेला उघडला. पडद्याच्या उजव्या कोपऱ्यात पोस्टकार्डापेक्षा जेमतेम मोठी चौकट, तिच्यात रस्ता, रस्त्यावर बाबांची लाल गाडी. आणि डावीकडे माझं पान, जसंच्या तसं. पानावर क्लिक केलं की गेम आपोआप थांबायचा. मला गड जिंकल्याचा आनंद झाला.

"इतलें ल्हान?" बाबा म्हणाले. जरा हिरमुसलेच. "हें तर जनेलांतल्यान पळयल्यावरी." खिडकीतून डोकावल्यासारखं वाटत होतं त्यांना.

"जाय जाल्यार खेळ, ना जाल्यार टायर पळय," मी म्हटलं.

ते बसले. मी शेजारी स्टूल घेऊन डाव्या बाजूच्या पत्रिकेतले काना-मात्रा तपासू लागले. थोड्या वेळानं माझ्या लक्षात आलं की आदळण्याचा आवाज येत नाहीये. मान वळवली तर बाबा चौथ्या फेरीत होते. वळणावर वेग कमी करून, आतल्या बाजूनं गाडी काढून, समोरच्याला हूल देऊन ते पुढे गेले. ते शर्यत जिंकले. त्या दिवशी ते तीन शर्यती जिंकले. आईला स्वयंपाकघरातून बोलावून दाखवलं.

"अंगण सरळ जालें मगो," बाबा आईला म्हणाले.

तो आठवडा आमच्या घरातला फार चांगला आठवडा होता. मी आणि बाबा एकाच पडद्यासमोर खांद्याला खांदा लावून बसायचो. मी मोठ्यानं वाचायची, "आमचे येथे श्रीकृपेकरून," आणि ते गाडी हाकता हाकता सांगायचे, "हें घराणें म्हाका खबर आसा, थोरल्या काकाचें नांव पयलीं घाल, ना जाल्यार झगडीं जातलीं." त्यांच्या सांगण्यामुळे दोन पत्रिका भांडणातून वाचल्या. लहानपणी ते पहाटे जायचे आणि लाल धुळीनं माखून यायचे. इतका वेळ आम्ही कधी एकत्र बसलोच नव्हतो.

रविवारी हातात काम नव्हतं. बाबांना बक्षीस म्हणून मी गेम पुन्हा अख्ख्या पडद्यावर लावून दिला. म्हटलं, आता हात बसलाय, मजा येईल. पहिल्याच वळणावर गाडी भिंतीवर. मग दुसरी भिंत. मग समोरची गाडी. तोच रस्ता, तीच गाडी, तीच बोटं. मी पुन्हा लहान करून दिला, ते पुन्हा जिंकले. पुन्हा मोठा केला, पुन्हा आदळले.

"व्हडलें जाल्यार घोळता," बाबा म्हणाले आणि डोळे चोळले. चित्र मोठं झालं की सगळं गडबडायचं त्यांचं.

मी त्यांच्याकडे बघत राहिले. मग का कोण जाणे, समोरचा चहाचा कोप उचलून त्यांच्या डाव्या कानाच्या बाजूनं हळूहळू पुढे आणला. तोंडाजवळ नव्हे, बाजूला, जिथे मला कुणी काही आणलं असतं तर मी झटकन वळले असते. बाबा पडद्याकडे बघत होते. कोप त्यांच्या गालाच्या रेषेपुढे आला, नाकाच्या रेषेपुढे वीतभर गेला. ते बघतच होते. तो जवळजवळ मॉनिटरला टेकला तेव्हा ते म्हणाले, "चाय हाडली? दी."

एकेक गोष्ट समोर उभी राहू लागली. दाराच्या चौकटीला त्यांचा खांदा लागणं. जेवताना बाजूला ठेवलेली कढीची वाटी लवंडणं आणि त्यावरून आईवर चिडणं. आणि सगळ्यात वाईट म्हणजे क्लीनर. त्यांचा क्लीनर त्यांच्याच वयाचा, पंधरा वर्षांचा सोबती. तो डाव्या दाराला लोंबकळून दार थोपटत यायचा, "चल, चल, बस." गेली दोन वर्षं क्लीनर आजारी पडला की बाबाही त्या दिवशी ट्रक काढायचे नाहीत. गावात त्यांच्या मैत्रीचं कौतुक व्हायचं. आम्हीही करायचो.

डॉक्टरकडे न्यायला आठ दिवस लागले. पणजीच्या डोळ्यांच्या डॉक्टरीणबाईंनी त्यांना एका भांड्यासारख्या यंत्रात बघायला लावलं, ठिपका दिसला की बटण दाबा म्हणाल्या. बाबा फार थोड्या वेळा बटण दाबत होते. मी बाहेरच्या बाकावरून ते ऐकत होते. काचबिंदू, त्या म्हणाल्या. दोन्ही डोळ्यांचं कडेचं सगळं गेलं आहे. मधलं तेवढं राहिलंय, ते थेंबांनी टिकवता येईल. गेलेलं परत येणार नाही. आणि गाडी चालवायची नाही. सायकलसुद्धा.

बाबा घरी आल्यावर बोलले. "मुखावयलें सगळें दिसता म्हाका. रस्तो म्हाका पाठ आसा. दोळे धांपून व्हरीन." डोळे झाकून नेईन, म्हणे.

"दोळे धांपूनच व्हरतालो, बाबा," मी म्हटलं. "दोन वर्सां."

त्यांनी माझ्याकडे असं बघितलं की मी आयुष्यात पहिल्यांदा त्यांना घाबरले. मग ते म्हणाले की कुठल्याच ड्रायव्हरला हे कळता कामा नये. दसऱ्याला ट्रकची पूजा होणार, खाण सुरू होणार, आणि ते जाणार. बावीस वर्षांत त्यांच्या ट्रकखाली कोंबडीसुद्धा आली नव्हती, हे त्यांनी तीनदा सांगितलं. त्यांचं सगळं नाव त्या एका वाक्यात होतं. मी म्हटलं, तू गेलास तर मी धक्क्यावर जाऊन सगळ्यांना सांगेन. ते म्हणाले, सांग, मगे म्हाका बाबा म्हणूं नाका. त्या रस्त्यावर शाळा होती, सकाळी साडेसातला रस्त्याच्या कडेनं मुलं रांगेत चालायची. मी ते बोलले नाही. बोलायची गरजच नव्हती, ती शाळा त्यांना माझ्यापेक्षा जास्त पाठ होती.

दसरा जवळ आला तसं घर मूग गिळून बसलं. बाबांनी ट्रक धुतला, बॅटरी लावली, आरसे पुसले. आईनंच शेवटी तोंड उघडलं.

"देवीक विचारया," ती म्हणाली. "ती सांगतली तें."

आमची कुळदेवी पेडण्याकडची. तिला कौल लावतात. भटजी दोन ओल्या पाकळ्या देवीच्या दोन खांद्यांना चिकटवतात, प्रश्न सांगतात आणि सगळे गप्प उभे राहतात. उजवी पाकळी आधी पडली तर होकार, डावी पडली तर नकार. तिथे भटजी मध्ये बोलत नाहीत. ज्याचा प्रश्न त्यानं पाकळी पडलेली आपल्या डोळ्यांनी बघायची आणि आपणच खाली वाकायचं, मग ते ती पाकळी उचलून त्याच्या हातावर ठेवतात. लग्नं, घरांच्या वाटण्या, परदेशी जायचं की नाही, सगळं आमच्याकडे असंच ठरत आलंय. मला ते पटत नव्हतं. मी खूप शिकलेली नव्हते, पण डॉक्टरीणबाईंनी सांगितल्यावर पाकळीला काय विचारायचं? तरी बाबा लगेच कबूल झाले. देवीनं नको म्हटलं तर चावीला हात लावणार नाही, म्हणाले. मला त्यातच आशा दिसली.

आम्ही तिघं बसनं गेलो, म्हापशाला बस बदलून. देवळात दुपारची आरती नुकतीच झालेली, समया तेवढ्या तेवत होत्या. बाबांनी खिशातून ट्रकची चावी काढून भटजींच्या ताटात ठेवली. भटजींनी पाकळ्या लावल्या आणि मोठ्यानं प्रश्न सांगितला, "आई माये, हो तुजो भुरगो, गाडी चलवची काय न्हय तें उजवें दावें करून दी." साठीकडे झुकलेले बाबाही देवीपुढे भुरगो, म्हणजे लेकरूच. मग भटजी बाजूला झाले.

बाबा हात जोडून उभे. मी त्यांच्या उजवीकडे, आई मागे. मी मनातल्या मनात डाव्या पाकळीला हाका मारत होते. देवावर माझा फारसा विश्वास नाही, पण त्या वेळी मी इतकी आर्जवं केली की मलाच लाज वाटली. बाबांची नजरही डाव्या पाकळीवरच खिळलेली होती. तिचीच त्यांना भीती होती.

उजवी पडली.

खांद्यावरून सरकली, क्षणभर देवीच्या शालूवर अडकली आणि खाली पडली. आईनं मागे श्वास सोडला. माझ्या डोळ्यांत पाणी आलं, रागाचं. वाटलं, अगं बाई, तुला तरी दिसतंय का?

बाबा वाकले नाहीत.

हात तसेच जोडलेले, नजर तशीच डाव्या खांद्यावर. भटजींनी त्यांच्याकडे पाहिलं, मग माझ्याकडे. देवळात आणखी पाच-सहा माणसं होती, तीही बघू लागली. मी हळूच त्यांच्या कोपराला हात लावला.

"राव गो," बाबा पुटपुटले. "अजून पडूंक ना."

डावी, असं म्हणणं माझ्या जिभेवर आलं होतं. एक शब्द होता. पण भटजी होते, आई होती, आणि समोर ती होती. खरं सांगायचं तर यातल्या कुणीच मला थांबवलं नसतं. थांबवलं ते बाबांच्या चेहऱ्यानं. त्यावर इतका भरवसा होता की त्याच्याशी खोटं बोलता येईना.

"पडली, बाबा," मी म्हटलं. "केन्नाच पडली."

"खंयची?"

"उजवी."

त्यांनी मान वळवली. आधी चुकीच्या ठिकाणी बघितलं, मग खाली, मग शोधत शोधत पायथ्याशी. पाकळी दिसली. मला वाटलं ते हसतील. जिंकले होते ते, देवीनं होकार दिला होता, माझं तोंड बंद झालं होतं. पण ते त्या पाकळीकडे बघत राहिले आणि रडू लागले. बाबांना रडताना मी त्याआधी कधी पाहिलं नव्हतं.

मग ते वाकले, डोकं टेकवलं आणि बराच वेळ उठले नाहीत. भटजींनी पाकळी उचलून त्यांच्या तळहातावर ठेवली. बाबांनी ती आधी एका डोळ्याला लावली, मग दुसऱ्या. भटजींनी चावीचं ताट पुढे केलं.

"घे," ते म्हणाले. "आईन हय म्हळां."

"म्हळां," बाबा म्हणाले. "मुखार उबो रावन पळयतालों, तरी म्हाका दिसलें ना. रस्त्यार एखादें भुरगें आडवें आयलें जाल्यार तें कशें दिसतलें?"

भटजी ताट धरून उभेच होते. शेवटी आई पुढे झाली, तिनं चावी उचलली आणि पदराच्या टोकाला बांधली. बाबांनी तिला अडवलं नाही. उंबऱ्यापाशी आल्यावर ते थांबले आणि हात पुढे केला, मी नेमकी कुठे उभी आहे याचा अंदाज घेत, थोडा चुकीच्या बाजूला. "सोपणां कितलीं आसात गो?" त्यांनी विचारलं. मी तो हात धरला आणि पायऱ्या मोजून सांगितल्या. नऊ होत्या.